किल्ली, कोठार आणि सामाईक हत्यार

पुण्याहून मुंबईकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर पिंपरी आणि चिंचवड हीं गांवें लागतात. चिंचवडाचें नांव मोरया गोसावींच्या समाधिस्थानामुळें महाराष्ट्राला फार पूर्वींपासून परिचित आहे. पिंपरीला मात्र जी ख्याति लाभली ती कारखान्यांची. १९५४ सालीं येथें हिंदुस्थान अँटिबायॉटिक्स ही सरकारी कंपनी स्थापन झाली आणि पेनिसिलिन देशांतच तयार होऊं लागलें. १९६२ सालीं महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ अस्तित्वांत आलें. त्या सुमारास व त्यानंतर आकुर्डीस बजाजच्या स्कूटरी, पिंपरीस टेल्कोच्या मालमोटारी आणि चिंचवडास एस्. के. एफ्. चीं बेअरिंगें निघूं लागलीं. भोसरीच्या परिसरांत सुटे भाग पुरविणाऱ्या लहान लहान शेडींची दाटी झाली. पुढें ही वसाहत नाशिकच्या रस्त्यानें चाकणपर्यंत पोंचली. १६६० सालीं चाकणच्या ज्या किल्ल्यांत फिरंगोजी नरसाळ्यानें शाएस्तेखानाच्या अफाट फौजेला सुमारें दोन महिने दाद दिली नाहीं, त्याच्या आसपासच्या शिवारांत १९९९ मध्यें बजाजचा मोटारसायकलींचा आणि २००९ मध्यें फोक्सवागेनचा मोटारींचा कारखाना सुरू झाला.

असल्या कारखान्यांत पाऊल टाकणाऱ्या पाहुण्याची दृष्टि प्रथम प्रचंड दाबयंत्रांकडे आणि सरकत्या पट्ट्याकडे वळते. परंतु या साऱ्या धडपडीचा प्राण एका शांत जागीं असतो. ती जागा म्हणजे स्टोअर, अर्थात् कोठार. तेथें हजारों प्रकारचे सुटे भाग खणाखणांतून मांडलेले असतात, आणि पूर्वींच्या पद्धतीप्रमाणें प्रत्येक खणाला एक पुठ्ठ्याचें कार्ड लटकत असे. त्याला बिन कार्ड म्हणत. कार्डाच्या माथ्यावर भागाचा नंबर, आणि खालीं किती नग आले, किती गेले व किती शिल्लक राहिले याची नोंद. खिडकीपाशीं आलेला कामगार "चाकाजवळची ती गोल चकती द्या" असें म्हणत नसे. तो नंबर लिहिलेली चिठ्ठी पुढें करी. स्टोअरकीपर नंबरावरून खण गांठी. नंबर बरोबर असला तर वस्तु तत्काळ मिळे. एक आंकडा चुकला तर वस्तु खणांत असूनहि नसल्यासारखीच. नंबर ही किल्ली, आणि कार्डावरील मजकूर हा त्या किल्लीनें उघडणारा ऐवज. या दोहोंपलीकडे कोठाराला कांहींहि ठाऊक असण्याची गरज नव्हती.

संगणकांतहि नेमकी अशीच एक व्यवस्था असते. तिला 'की-व्हॅल्यू डेटाबेस', म्हणजे किल्ली व ऐवज यांच्या जोड्यांचें कोठार, असें म्हणतात. रेल्वेच्या मोठ्या डेटाबेसला "गेल्या महिन्यांत पुण्याहून नागपुरास गेलेले साठ वर्षांवरील उतारू किती?" असा गुंतागुंतीचा प्रश्न विचारतां येतो. या साध्या कोठाराला तसें कांहीं विचारतां येत नाहीं. त्याला चारच कामें येतात: किल्ली लावून ऐवज ठेवणें, किल्ली लावून तो परत काढणें, किल्लीसह तो पुसून टाकणें, आणि पहिलीपासून शेवटचीपर्यंत साऱ्या किल्ल्या एकामागून एक वाचून दाखविणें. पण घरच्या टेबलावरील संगणकाचीं पुष्कळशीं कामें एवढ्यावर भागतात. शब्द दिला कीं अर्थ हवा. टोपणनांव दिलें कीं टपालाचा पत्ता हवा. प्रोग्रॅमचें नांव दिलें कीं तो कोणत्या आवृत्तीचा आहे हें कळावयास हवें. म्हणून असलीं कोठारें असंख्य संगणकांत, त्यांच्या मालकांच्या नकळत, अहोरात्र काम करीत असतात. त्यांचा इतिहास फार तर अर्ध्या शतकाचा आहे. तथापि त्यांत एक प्रश्न पुन्हां पुन्हां डोकें वर काढतांना दिसतो. आपल्या नोंदी ज्या हत्यारानें उघडतात तें हत्यार कोणाचें, आणि तें बदललें तर नोंदींचें काय होतें?

किल्लीचें महत्त्व महाराष्ट्राला नव्यानें सांगावयास नको. पुण्याच्या पेशवे दप्तरांत मोडी कागदांचे रुमालच्या रुमाल बांधून ठेवलेले होते. लढायांचीं वृत्तें, सावकारांचे हिशेब, घरगुती पत्रें, सारें कांहीं त्यांत होतें. परंतु सरकारी निर्बंध आणि सूचींची उणीव यांमुळें अभ्यासकांना तो खजिना असून नसल्यासारखा होता. गो. स. सरदेसाई यांनीं सहकाऱ्यांसह ते रुमाल चाळले आणि १९३० ते १९३४ या अवधींत निवडक कागदांचे ४५ खंड प्रसिद्ध झाले, तेव्हां कोठें इतिहासाला त्या कागदांपर्यंत वाट मिळाली. कागद तेच होते. त्यांच्यापर्यंत पोंचण्याची सोय नवी होती.

संगणकापुढें जो प्रश्न उभा राहिला तो वेगाचा होता. किल्ल्या अकारविल्ह्यानें लावल्या तर शोधणें सोपें जातें, पण मधेंच नवी किल्ली आली कीं पुढची सारी रांग सरकवावी लागते. यावर आय्. बी. एम्. कंपनींतील हान्स पीटर लून यानें १९५३ सालीं एका टिपणांत उपाय सुचविला. किल्लीवरच कांहीं गणित करावें, आणि जें उत्तर येईल त्या क्रमांकाच्या खणांत ऐवज ठेवावा. शोधतांना पुन्हां तेंच गणित करावें. खण आपोआप सांपडतो. या गणिताला 'हॅश' असें नांव पडलें. समजा, स्टोअरांत शून्य ते नऊ क्रमांकांचे दहा खण आहेत, आणि नियम असा कीं भागाच्या नंबराचा शेवटचा आंकडा तोच खणाचा क्रमांक. तर ५८३१६ हा भाग सहाच्या खणांत जाईल आणि शोधणाराहि थेट तेथेंच जाईल. उरलेले नऊ खण त्याला पाहावेच लागणार नाहींत.

पण सहाचा खण भरून गेला तर? सगळें कोठार नव्यानें लावणें हा एक मार्ग, तो वेळखाऊ. दुसरा मार्ग असा कीं, त्या भरलेल्या खणापुरतेच शेवटचे दोन आंकडे पाहावे. म्हणजे ०६, १६, २६ असे त्याचे पोटखण होतील आणि बाकीच्या नऊ खणांना धक्का लागणार नाहीं. संगणक दहाऐवजीं दोहोंच्या पटीनें मोजतो, म्हणून त्याचा भरलेला खण दहांत न फुटतां दोहोंत फुटतो. एरव्हीं युक्ति तीच. १९७८ ते १९८० या तीन वर्षांत युरोप व अमेरिकेंतील संशोधकांनीं अशा वाढत्या कोठारांच्या निरनिराळ्या पद्धति प्रसिद्ध केल्या.

त्याच सुमारास, १९७९ सालीं, अमेरिकेंतील बेल प्रयोगशाळेनें युनिक्स या संगणकप्रणालीची सातवी आवृत्ति बाहेर काढली. तींत केन टॉम्सन यानें लिहिलेला 'डीबीएम्' नांवाचा एक छोटा संच होता. टॉम्सन हा युनिक्सच्या दोन मुख्य जनकांपैकीं एक. त्याचें कोठार दोन फाइलींचें असे: एकींत जोड्यांनीं भरलेले खण, आणि दुसरींत कोणता खण फुटला आहे याची खूण. माहितीपुस्तकांत आश्वासन दिलेलें होतें कीं, कोठार अब्ज खणांचें असलें तरी तबकडीकडे एकदां, फार तर दोनदां, जाऊन ऐवज हातीं येईल. त्या काळच्या मंद तबकड्यांच्या मानानें हें आश्वासन मोठेंच होतें. उणिवाहि होत्या. एक जोडी ५१२ बाइटांच्या खणांत मावलीच पाहिजे. एका प्रोग्रॅमला एका वेळीं एकच कोठार उघडतां येई. आणि खणांच्या फाइलींत मधें मधें पोकळ्या राहात असल्यानें ती खऱ्या मजकुराच्या सुमारें चौपट दिसे. साध्या रीतीनें तिची नक्कल केली तर त्या पोकळ्या भरून निघत आणि नक्कल खरोखरच तेवढी फुगे. टॉम्सनच्या पुस्तकानें हा धोका लपविला नाहीं, हें विशेष.

येथें 'लायब्ररी' या शब्दाचा खुलासा केला पाहिजे. संगणकाच्या परिभाषेंत लायब्ररी म्हणजे पुस्तकांचें भांडार नसून सिद्ध कृतींचा संच होय. कोठार उघडणें, ऐवज ठेवणें, तो काढणें या कृति एकानें नीट लिहून ठेवाव्या आणि इतरांनीं आपल्या प्रोग्रॅमांत त्या वापराव्या. आरंभीं ही वांटणी नकलेच्या रूपानें होई; दहा प्रोग्रॅमांनीं डीबीएम् वापरला तर त्याच्या दहा नकला दहा प्रोग्रॅमांच्या पोटांत जाऊन बसत. तबकडीवरची जागा जाई, स्मृतींतली जागा जाई, आणि मूळ संचांत एखादी चूक सांपडली तर दहाहि प्रोग्रॅम पुन्हां जुळवावे लागत.

यांतून 'सामाईक लायब्ररी' ही कल्पना पुढें आली. तिचें बीज १९६० नंतरच्या दशकांतल्या मल्टिक्स या प्रणालींत होतें. मायक्रोसॉफ्टच्या विंडोज प्रणालींत १९८५ पासून 'डीएल्एल्' या नांवानें, आणि सन कंपनीच्या युनिक्समध्यें १९८८ च्या सुमारास ती रूढ झाली. पुढें लिनक्समध्यें अशा फाइलींच्या नांवाच्या शेवटीं 'एस्ओ' हीं अक्षरें येऊं लागलीं. या व्यवस्थेंत लायब्ररीची एकच फाइल संगणकांत असते. प्रोग्रॅम सुरू होतांच त्याची तिच्याशीं गांठ घातली जाते, आणि दहा प्रोग्रॅम एकदम चालू असले तरी ते स्मृतींतील त्याच एका प्रतीवर काम करतात. चूक दुरुस्त करावयाची तर एक फाइल बदलली कीं दहाहि प्रोग्रॅम सुधारले.

औद्योगिक पट्ट्यांतील माणसाला हें समजावयास एका बेअरिंगचें उदाहरण पुरें आहे. ६२०३ या क्रमांकाचें बेअरिंग कोणत्याहि कारखान्यानें केलेलें असो, त्याचा आंतील व्यास १७, बाहेरील व्यास ४० आणि रुंदी १२ मिलिमीटरच असावयाची. म्हणून तें विजेच्या मोटरींतहि बसतें आणि पाण्याच्या पंपांतहि बसतें, आणि झिजलें तर दुसऱ्या कंपनीचें आणून बसवितां येतें. आंत गोळ्या कशा घडविल्या हा ज्याचा त्याचा प्रश्न. बाहेरचीं मापें हा मात्र सर्वांशीं केलेला करार. उद्यां कोणी ६२०३ याच क्रमांकाखालीं १८ मिलिमीटरांचें बेअरिंग विकूं लागला तर कारखान्याकारखान्यांतून हाहाकार उडेल. सामाईक लायब्ररीचाहि असाच करार असतो, आणि तिच्या नांवापुढील क्रमांक ही त्या कराराची खूण असते. करार मोडावयाचा असेल तर क्रमांक बदलला पाहिजे, असा लिनक्सचा दंडक आहे.

परंतु कोठाराच्या लायब्ररीचा करार बेअरिंगपेक्षां एका बाबतींत अधिक बिकट आहे. बेअरिंग काढून टाकलें कीं तें संपलें. लायब्ररी मात्र आपल्यामागें फाइली ठेवून जाते, आणि त्या फाइलींतील मजकुराची मांडणी तिलाच ठाऊक असते. म्हणून तिला दोन करार पाळावे लागतात: एक प्रोग्रॅमांशीं, आणि दुसरा काल लिहून ठेवलेल्या नोंदींशीं. पुढील इतिहासांत जे जे घोटाळे झाले ते बहुतेक या दुसऱ्या कराराच्या विस्मरणानें झाले.

डीबीएम् ला लौकरच संतति झाली. १९८६ सालीं कॅलिफोर्नियांतील बर्कली विद्यापीठाच्या युनिक्समध्यें 'एन्डीबीएम्' आला. त्यांत एका वेळीं अनेक कोठारें उघडण्याची सोय होती. परंतु हे दोन्ही संच ए. टी. अँड टी. कंपनीच्या मालकीच्या मजकुरावर आधारलेले असल्यानें ते हवे त्यानें हवे तसे वांटावे अशी मुभा नव्हती. कॅनडांतील टोरोंटो येथें ओझान यिगित यानें १९८७ सालीं 'एस्डीबीएम्' नव्यानें लिहून तो जनतेला अर्पण केला. १९९० च्या सुमारास फिलिप नेल्सन यानें ग्नू संघटनेसाठीं 'जीडीबीएम्' रचला. त्यांत जोडीच्या लांबीवरचें जुनें बंधन गेलें. १९९१ सालीं मार्गो सेल्टझर आणि यिगित यांनीं एका परिषदेंत नव्या हॅश-संचावर निबंध वाचला. बर्कलीच्या युनिक्समधून ए. टी. अँड टी. चा मजकूर काढून टाकून तें सर्वांस खुलें करावें असा कीथ बॉस्टिक याचा ध्यास होता, आणि त्या खटपटींतून 'बर्कली डीबी' जन्मास आली. म्हणजे या संचांच्या जन्मामागें वेगाची हांव जेवढी होती, तेवढीच सामाईक हत्यार खरोखर सामाईक असावें ही तळमळहि होती.

हिंदुस्थानांतील टेबलावरच्या संगणकांची वाट थोडी निराळी होती. १९९० च्या आगेंमागें लहान कचेऱ्यांतून आणि कारखान्यांतून डीबेस व फॉक्सप्रो या संचांचा प्रसार झाला होता. पगारपत्रक, मालाची आवक-जावक, गिऱ्हाइकांचीं येणीं, सारें त्यांत लिहिलें जाई. हे डेटाबेस तक्त्यांच्या स्वरूपाचे असत. पण प्रत्येक तक्त्याच्या जोडीला एक सूचीची फाइल असे, आणि ती फाइल किल्लीवरून नोंदीचा क्रमांक सांगे, म्हणजे कार्य तेंच. पुढें विंडोजवर फॉक्सप्रोचे प्रोग्रॅम चालण्यास 'व्हीएफ्पी९आर्' या नांवाची सामाईक लायब्ररी संगणकांत असावी लागे. ती नसेल तर पगारपत्रक शाबूत असूनहि उघडत नसे. २००७ सालीं मायक्रोसॉफ्टनें या संचाची नवी आवृत्ति निघणार नाहीं असें जाहीर केलें आणि २०१५ सालीं त्याला दिलेला आधारहि थांबविला. कोठार मालकाचें, किल्ल्या मालकाच्या, आणि कुलूप दुसऱ्याचें, अशी ही स्थिति.

विंडोजमध्यें आणखी एक संकट सर्वांच्या परिचयाचें झालें. नवा प्रोग्रॅम बसवितांना तो आपल्याबरोबर एखाद्या सामाईक लायब्ररीची जुनी प्रत आणी आणि आधींच्या नव्या प्रतीवर ती घाली. नवा प्रोग्रॅम सुरळीत चाले; काल चालणारे दुसरे दोन मात्र बंद पडत. विंडोज २००० मध्यें प्रणालीच्या फाइलींना संरक्षण आणि नंतरच्या विंडोज एक्स्पीमध्यें एकाच लायब्ररीच्या अनेक आवृत्त्या शेजारीं शेजारीं ठेवण्याची सोय करावी लागली, ती याच अनुभवामुळें.

लिनक्सच्या जगांतहि सारें आलबेल नव्हतें. जीडीबीएम् ची फाइल ज्या जातीच्या संगणकावर लिहिली जाई त्या जातीचीच राही. ३२ बिटांच्या यंत्रावरील कोठार ६४ बिटांच्या नव्या यंत्रावर तसेंच्या तसें नेलें तर उघडेलच याची खात्री नसे. तें आधीं साध्या मजकुरांत उतरवून मग नव्या यंत्रावर पुन्हां भरावें लागे. बर्कली डीबीच्या आवृत्त्यांतून फाइलींची मांडणी अनेकदां बदलली आणि एकाच संगणकांत तिच्या दोन-तीन आवृत्त्या सुखानें वा दुःखानें नांदूं लागल्या. रेड हॅटच्या लिनक्समध्यें बसविलेल्या प्रोग्रॅमांची यादी बर्कली डीबींत असे. काम चालू असतां वीज गेली तर ती यादी अडकून बसे, आणि ती पुन्हां बांधून काढण्याचा मंत्र व्यवस्थापकांना तोंडपाठ झालेला असे. २०२० सालीं फेडोरा ३३ या आवृत्तींत ती यादी 'एस्क्यूलाइट' या संचाकडे सोंपविण्यांत आली.

सामाईक कोठार बदलल्यानें काय होऊं शकतें, याचें अत्यंत बोधप्रद उदाहरण मार्च २०१३ मध्यें घडलें. बिटकॉइन या संगणकी नाण्याची एकच जमाखर्चाची वही जगभरचे हजारों संगणक आपापल्या जागीं ठेवतात, आणि प्रत्येक नवें पान ते स्वतंत्रपणें तपासून मग चिकटवितात. जुन्या ०.७ आवृत्तीचा प्रोग्रॅम वहीसाठीं बर्कली डीबी वापरी. नव्या ०.८ आवृत्तींत तिच्या जागीं 'लेव्हलडीबी' आली. ती गूगलमधील जेफ डीन आणि संजय घेमावत यांनीं लिहिलेली असून २०११ सालीं खुली करण्यांत आली होती. एके दिवशीं एक पान असें आलें कीं त्यांत व्यवहारांची गर्दी नेहमींहून पुष्कळ अधिक होती. तें लिहितांना बर्कली डीबीला जितकीं तात्पुरतीं कुलुपें लावावीं लागत तितकीं लावण्याची तिला मुभा दिलेली नव्हती; म्हणून जुन्या प्रोग्रॅमांनीं तें पान नाकारलें. नव्यांना ती अडचणच नव्हती. त्यांनीं तें स्वीकारलें. वहीच्या दोन वह्या झाल्या. सुमारें सहा तास हा दुभंग चालला, आणि त्या अवधींत एका व्यवहारांत तींच नाणीं दोनदां खर्च झालीं. अखेर नवी आवृत्ति चालविणाऱ्या मोठ्या मंडळींनीं जुनीकडे परत फिरण्याचें मान्य केलें, तेव्हां वही पुन्हां एक झाली. नवी लायब्ररी जुनीहून सरस होती, आणि तिच्या त्या सरसपणांतूनच हा अनर्थ उद्भवला. कारण जुनीची उणीव हीहि नकळत कराराचाच एक भाग होऊन बसली होती.

मालकीचा प्रश्नहि असाच अनपेक्षितपणें पुढें आला. नेटस्केप कंपनीच्या मागणीवरून १९९६ सालीं बर्कली डीबीच्या कर्त्यांनीं स्लीपीकॅट नांवाची कंपनी काढली. २००६ सालीं ती ओरॅकलनें विकत घेतली. २०१३ सालीं नव्या आवृत्तीचे परवान्याचे नियम अधिक कडक झाले, तेव्हां डेबियनसारख्या सार्वजनिक लिनक्सनें जुन्या ५.३ आवृत्तीवरच मुक्काम ठोकला. दरम्यान ज्या आरंभींच्या १.८५ आवृत्तीला असल्या कडक अटी नव्हत्या, तिच्याच मांडणींत फायरफॉक्स हा प्रोग्रॅम २०१८ पर्यंत लोकांच्या गुप्त किल्ल्या सांभाळीत होता. जुन्या हत्याराची चिकाटी अशी असते.

आतां मराठीच्या घरचें एक गाऱ्हाणें. हॅशचें गणित अक्षराच्या रूपावर चालत नाहीं. तें अक्षरामागील आंकड्यांवर चालतें. भारतीय लिप्यांसाठीं १९९१ सालीं प्रमाण संकेतावलि ठरली आणि पुण्याच्या सी-डॅक संस्थेनें भारतीय भाषांच्या संगणकीकरणांत महत्त्वाची कामगिरी केली. त्यानंतर युनिकोड ही जागतिक संकेतावलि सर्वत्र रूढ झाली. पण तींत 'कऱ्हाड' या शब्दांतील अर्धा ऱ दोन निरनिराळ्या रीतींनीं लिहितां येतो, आणि डोळ्याला दोन्ही सारखेच दिसतात. 'ॲ' या अक्षराला २००८ सालीं स्वतंत्र जागा मिळाली. त्यापूर्वीं तें अ आणि वरचा चंद्र अशा दोन तुकड्यांनीं लिहिलें जाई, आणि आजहि कोठें कोठें तसें लिहिलें जातें. माणसाला जो शब्द एक, तो कोठाराला दोन. एका रीतीनें ठेवलेलें आडनांव दुसऱ्या रीतीनें मागितलें तर कोठार शांतपणें "नाहीं" म्हणून सांगतें. युनिकोडनें मजकूर एकरूप करण्याचे जे सर्वसाधारण नियम घालून दिले आहेत ते या दोन्ही ठिकाणीं पुरेसे पडत नाहींत. म्हणून मराठी किल्ल्यांचें कोठार बांधणाऱ्यानें ऐवज ठेवतांना आणि मागतांना दोन्ही वेळीं अक्षरें एकाच वळणाचीं करून घेण्याचा नियम स्वतःच केला पाहिजे. कारखान्याच्या स्टोअरला हा त्रास होत नाहीं, कारण तेथें किल्ली आंकड्यांची असते. पण माणसांचीं नांवें आंकड्यांत बसत नाहींत.

या सगळ्यावर उपाय काय? तो नवा नाहीं. जीडीबीएम् आणि बर्कली डीबी या दोहोंबरोबर असा एक छोटा प्रोग्रॅम मिळतो, कीं जो सारें कोठार साध्या मजकुरांत उतरवून देतो. कोठाराला चार कामें येतात असें वर म्हटलें, त्यांतील चौथें, म्हणजे साऱ्या किल्ल्या क्रमानें वाचून दाखविणें, हें रोजच्या व्यवहारांत फारसें उपयोगीं पडत नाहीं. म्हणून कित्येकांना तें ठाऊकहि नसतें. परंतु लायब्ररी बदलली, मालक बदलला, यंत्र बदललें, तरी त्या एका कामाच्या आधारानें नोंदी एका कोठारांतून दुसऱ्यांत नेतां येतात. अट एवढीच कीं, जुनें हत्यार चालू आहे तोंवरच हें करून ठेवलें पाहिजे.

पिंपरीच्या स्टोअरकीपरला हें कोणी शिकवावें लागत नाहीं. वर्षअखेर आली कीं साठ्याची मोजणी होते. पहिल्या खणापासून शेवटच्यापर्यंत प्रत्येक खण उघडून नग मोजले जातात आणि कागदावर उतरविले जातात. त्या दिवसांत खिडकी बंद असते, कामगार कुरकुरतात, पट्टा थांबतो. तरीहि मोजणी टळत नाहीं. कारण ज्या कोठाराची मोजणी झाली नाहीं त्यांत काय आहे, हें किल्ल्यांचा जुडगा हातांत असूनहि कोणाला सांगतां येत नाहीं.